देवीनं तलवार दिली, पण कोणासाठी?



मागच्या काही दिवसांत आपल्या कुटुंबांच्या ग्रुपवर एकच प्रश्न फिरून फिरून येत होता. "स्वप्नात देवीनं तलवार दिली, अर्थ काय?" "मारुतीरायानं गदा हातात ठेवली, शुभ की अशुभ?" कोणी उत्तर दिलं, शत्रूवर विजय. कोणी लिहिलं, कोर्टाचा निकाल आपल्या बाजूनं लागणार. एका ताईंनी तर विचारलं की मुलाला असं स्वप्न पडलं आहे, खरी तलवार आणून देवघरात ठेवायची का?

मंडळींनी मला सांगितलं, हा अनुभव तुमचा स्वतःचा आहे, तुम्हीच लिहा. म्हणून लिहितो. माझी चूक झाकून लिहिलं तर कोणाच्या उपयोगाचं नाही, म्हणून जसं झालं तसं लिहितो.

*मला पडलेलं स्वप्न*

मी बोरगावचा. सकाळची शिफ्ट कारखान्यात आणि उरलेला वेळ वावरात, असं आयुष्य गेलं. बाबा गेल्यावर वाटणी झाली. संत्र्याची बाग दादाकडे, कपाशीचं वावर माझ्याकडे, विहीर दोघांत. मधे धुरा. दादा धुरा माझ्या अंगावर सरकवतो असं मला वाटायचं. दादा म्हणायचा, तूच नांगर मारत मारत आत आला. घरं एकाच गल्लीत, पण दोन वर्षं बोलणं नाही. माझ्या लेकरांनी मोठ्या बाबांच्या घरी जाणं सोडलं. वहिनीच्या हातची पुरणपोळी बंद झाली.

नवरात्रातली चौथी माळ होती. त्या दिवशी ओलिताची पाळी माझी, आणि विहिरीवर जाऊन पाहतो तर मोटरचा फ्यूज काढून नेलेला. कोणी नेला हे विचारायची गरज नव्हती. रात्री जेवलो नाही. तसाच झोपलो.

स्वप्नात मी वावरात उभा. कपाशी फुटलेली, वर चांदणं. धुऱ्यावर देवी उभी. हिरवं लुगडं, कपाळभर कुंकू, चेहरा थोडासा आमच्या मायसारखा. हातात तलवार. मूठ माझ्याकडे करून तिनं ती पुढे केली. मी घेतली. ती काही बोलली नाही.

जाग आली तेव्हा साडेतीन वाजले होते. अंगावर काटा होता. बायकोला उठवून सांगितलं. ती म्हणाली, "देवी दिसली ना, मंग हात जोडा आन् झोपा." मला ते पटलं नाही. सकाळी मी ग्रुपवर टाकलं. तासाभरात किती हात जोडलेले आले, मोजले नाहीत. नागपूरच्या भाच्यानं लिहिलं, "मामा, देवीनं परवानगी देल्ली. आता मागं हटू नका."

*परवानगी.* हा शब्द माझ्या मनात जाऊन बसला. त्या दिवशी मी गोठ्यातल्या कुऱ्हाडीला धार लावली. धुऱ्यावर दादानं शेवग्याची चार झाडं लावली होती, ती शुक्रवारी पहाटे तोडायची असं ठरवलं. दादा आडवा आला तर काय, हा विचारही मनात आला. मी तो विचार झटकला नाही. हे लिहिताना हात थांबतो, पण खरं तेच आहे.

*महाराजांचे तीन प्रश्न*

मधे गुरुवार होता. सत्संगाला गेलो. आरतीनंतर महाराजांसमोर बसून मोठ्या अभिमानानं स्वप्न सांगितलं. वाटलं होतं, महाराज पाठीवर हात ठेवतील. महाराजांनी तीन प्रश्न विचारले.

"झोपताना मनात काय होतं?"

"तलवार देताना देवीनं कोणाचं नाव घेतलं का?"

आणि तिसरा. "समज, काल रात्री तुझ्या दादालेही हेच सपन पडलं. देवी आली, त्याच्या हाती तलवार देऊन गेली. मंग त्याचा अर्थ काय लावशील?"

पहिल्या दोन प्रश्नांना मी काहीबाही बोललो. तिसऱ्याला बोलता आलं नाही. महाराजांनीही पुढे काही सांगितलं नाही, प्रसाद हातावर ठेवला. नंतरच्या काळात ग्रंथ वाचताना, कीर्तनं ऐकताना हे तीन प्रश्न हळूहळू उलगडले. तेच तुमच्यासमोर मांडतो.

*पहिला प्रश्न : झोपताना मनात काय होतं?*

आपल्याकडे स्वप्नांचा विचार फार जुना आहे, आणि आपण समजतो त्यापेक्षा तो कडक आहे. चरकसंहितेत स्वप्नांचे सात प्रकार सांगितले आहेत. डोळ्यांनी पाहिलेल्याचं, कानांनी ऐकलेल्याचं, अनुभवलेल्याचं, मनानं मागितलेल्याचं आणि कल्पनेनं रचलेल्याचं, हे पाच. सहावं पुढचं सुचवणारं. सातवं शरीरातले वात, पित्त, कफ बिघडल्यानं पडणारं. पहिल्या पाच प्रकारांना फळ नाही असं चरक स्पष्ट सांगतात.

आता माझं स्वप्न या यादीला लावून पाहा. भवानी माता शिवाजी महाराजांना तलवार देते आहे, हे चित्र मी लहानपणापासून कॅलेंडरवर पाहतो. म्हणजे पाहिलेलं. नवरात्रात रोज देवीची आरती, लाउडस्पीकरवर देवीची गाणी. म्हणजे ऐकलेलं. धुऱ्याचं भांडण अनुभवलेलं. आणि दादावर मात व्हावी हे मागितलेलं. पाचातले चार प्रकार तिथेच भरले. वर उपाशी पोटी झोपलो होतो, तेव्हा सातवाही सोडता येत नाही.

मग स्वप्न खोटं होतं का? तसंही नाही. बृहदारण्यक उपनिषदात म्हटलं आहे की स्वप्नात रथ नसतात, घोडे नसतात, रस्ते नसतात, ते सगळं पाहणारा स्वतःच निर्माण करतो. म्हणजे स्वप्नाचं सामान आपल्याच घरचं असतं. माझं स्वप्न दादाबद्दल काही सांगत नव्हतं. ते माझ्याबद्दल सांगत होतं, की याच्या मनात तलवार येऊन बसली आहे.

*दुसरा प्रश्न : देवीनं नाव घेतलं का?*

कोणी म्हणेल, स्वप्नात देव येतो आणि शस्त्र देतो हे आपल्या ग्रंथांत आहेच की! आहे ना. पण ते नीट वाचायला पाहिजे.

महाभारताच्या द्रोणपर्वात अगदी हेच स्वप्न आहे. अभिमन्यू गेला. अर्जुनानं प्रतिज्ञा केली की उद्या सूर्य मावळायच्या आत जयद्रथाला मारीन, नाही तर अग्नीत प्रवेश करीन. रात्री काळजीत त्याला झोप लागली. स्वप्नात श्रीकृष्ण आले आणि त्याला महादेवांकडे घेऊन गेले. महादेवांनी सांगितलं, त्या सरोवरात धनुष्यबाण आहे, घेऊन या. तिथे दोन नाग होते, त्यांचंच धनुष्य आणि बाण झालं. महादेवांच्या अंगातून एक ब्रह्मचारी प्रकट झाला. धनुष्य कसं धरायचं, पाय कसे ठेवायचे, दोरी कशी ओढायची, हे त्यानं करून दाखवलं आणि बाण व धनुष्य परत सरोवरात टाकून दिलं. अर्जुनानं ते पाहून शिकून घेतलं, मंत्र ध्यानात ठेवला, आणि मग महादेवांनी त्याला पाशुपत अस्त्राचं वरदान दिलं.

यात लक्ष देण्यासारखी गोष्ट अशी, की पाशुपत अस्त्र अर्जुनाला वनवासातच मिळालं होतं. किराताच्या रूपात आलेल्या महादेवांनी ते दिलं, आणि देताना बजावलं होतं की हे भलत्यावर, उगाच सोडायचं नाही. म्हणजे स्वप्नानं त्याला नवीन काही दिलं नाही. जे त्याच्याजवळ होतं त्याची आठवण दिली, ते कसं धरायचं हे दाखवलं आणि घाबरलेल्या मनाला धीर दिला. दुसऱ्या दिवशी दिवसभर लढावं त्यालाच लागलं.

आता आपल्या महाराष्ट्राच्या दैवताचं पाहू. तुळजापूरला शारदीय नवरात्रात एक दिवस भवानी तलवार अलंकार महापूजा असते. देवी शिवरायांना तलवार देते, असं रूप मांडलं जातं. आपल्यापैकी कितीतरी जणांनी ते दर्शन घेतलं असेल. पण कवींद्र परमानंदांच्या शिवभारतात देवी येते ती राजांच्या स्वतःच्या तलवारीत वास करण्यासाठी. आणि कोकणात सावंतांकडून महाराजांनी 300 होन देऊन एक उत्तम तलवार घेतली, अशीही हकीकत इतिहासाचे अभ्यासक सांगतात. मला यात विरोध दिसत नाही. तलवार मोजून दाम देऊन घेतलेली आणि तिच्यात बळ देवीचं, दोन्ही खरं असू शकतं.

सभासदाच्या बखरीत अफझलखानाच्या भेटीआधी भवानी मातेनं महाराजांना दर्शन देऊन यशाचं आश्वासन दिलं असं आहे. पण त्यानंतर महाराज काय करतात ते पाहा. देवी पाठीशी आहे म्हणून डोळे मिटून गेले नाहीत. आपली माणसं बोलावली, सल्ला घेतला, आपलं काही बरंवाईट झालं तर राज्य कसं चालवायचं ते सांगून ठेवलं, जावळीच्या रानात फौज ठेवली, अंगात चिलखत घातलं. 10 नोव्हेंबर 1659 ला भेट झाली. आणि खान पडल्यावर वैर तिथे संपलं. प्रतापगडाच्या पायथ्याशी त्याची कबर आजही आहे.

स्वराज्यावर चालून आलेली फौज आणि दोन भावांमधला हातभर धुरा, यांत फरक आहे की नाही? मी मात्र देवीनं न घेतलेलं नाव स्वतःच तिच्या तोंडी घातलं. देवी गप्प होती. *"दादा" हे नाव माझं होतं.*

स्वप्नात देव काम सांगतो, हे आपण मानतो. तुकोबारायांना स्वप्नात बाबाजींनी उपदेश केला, राम कृष्ण हरी हा मंत्र दिला. दुसऱ्या स्वप्नात नामदेवराय पांडुरंगाला घेऊन आले आणि कवित्व करायचं काम सांगून गेले. त्या कामात तुकोबांचं आयुष्य गेलं, त्रास सोसावा लागला, पण दुसऱ्या कोणाला त्रास झाला नाही. खऱ्या दृष्टांताची ही एक खूण मला वाटते. तो आपल्यावर काम टाकतो. दुसऱ्याला दुखवायची मोकळीक त्यात नसते.

*देवानं दिलेलं शस्त्र परीक्षाही असू शकतं*

रामायणातली एक गोष्ट फार थोड्यांना ठाऊक आहे. ती प्रत्येक घरात सांगितली पाहिजे. अरण्यकांडात राम दंडकारण्यात पुढे निघतात, राक्षसांना मारण्याचं वचन ऋषींना दिलेलं असतं. तेव्हा सीतामाई रामांना थांबवून एक गोष्ट सांगते.

एक तपस्वी होता, सत्यानं वागणारा, पशुपक्ष्यांत रमणारा. त्याच्या तपात विघ्न आणायचं म्हणून इंद्र योद्ध्याचं रूप घेऊन आला. हातात उत्तम तलवार. म्हणाला, ही तुमच्याजवळ ठेव म्हणून ठेवा. एवढं बोलून गेला. ठेव म्हटल्यावर सांभाळली पाहिजे, म्हणून तपस्वी ती सोबत घेऊन फिरू लागला. कंदमुळं आणायला गेला तरी तलवार सोबत. रोज हातात शस्त्र, रोज शस्त्राचाच विचार. हळूहळू त्याची बुद्धी क्रूर झाली, तप सुटलं आणि तो नरकात गेला.

पाहा, तलवार देणारा साक्षात देवांचा राजा होता. आणि तपस्व्यानं वाईट हेतूनं ती घेतलीही नव्हती. तरी ती जवळ राहून राहून तिनं माणूस बदलला. म्हणून ज्या ताईंनी देवघरात तलवार ठेवायची का असं विचारलं, त्यांना माझं हात जोडून सांगणं आहे, ताई, ठेवू नका. तरण्या मुलाच्या घरात राग केव्हा येईल सांगता येत नाही, आणि रागाच्या वेळी हाताला जे लागेल तेच माणूस उचलतो. मी धार लावलेली कुऱ्हाड तीन दिवस खाटेखाली ठेवली होती. त्या तीन दिवसांत मला दुसरं काही सुचत नव्हतं.

*तिसरा प्रश्न : हेच स्वप्न दादाला पडलं असतं तर?*

हा प्रश्न सगळ्यांत अवघड. मला पडलं तर देवीचा हुकूम, आणि दादाला पडलं तर? तर मी म्हणालो असतो, त्याच्या डोक्यात वेड शिरलं. एकच स्वप्न, दोन अर्थ. म्हणजे अर्थ स्वप्नातून निघत नव्हता, माझ्या स्वार्थातून निघत होता.

आपल्या भागाला हे समजायला लांब जायला नको. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पांढुर्ण्यात गोटमार होते. जाम नदीच्या या काठावर पांढुर्णा, त्या काठावर सावरगाव. मधे पाण्यात पळसाचं झाड, त्यावर झेंडा. दोन्हीकडून दगड येतात. माणसं रक्तबंबाळ होतात, जीवही गेले आहेत. आणि शेवटी तो झेंडा चंडीमातेच्याच चरणी जातो. या काठावरचा गोटा उचलतो तो आईचं नाव घेऊन, त्या काठावरचाही आईचंच. जुनी गोष्टही काय सांगते? पांढुर्ण्याचा मुलगा, सावरगावची मुलगी, दोघं नदीतून पळून जात होती, दोन्ही काठांवरून दगड आले आणि दोघंही मधेच मेली. कोणाच्या परंपरेवर मला बोट ठेवायचं नाही. पण ज्या घरची लेक त्या काठाला दिली आहे, त्या घरच्या मायला विचारा, तिचं मन कोणत्या काठावर असतं.

देवी दोघांची माय असेल, तर एका लेकराच्या हाती दुसऱ्यासाठी तलवार ती कशी देईल?

*मग असं स्वप्न पडलं तर काय करायचं?*

1. सकाळी उठून आधी नमस्कार करा. देव दिसला हे भाग्यच आहे. माझी बायको पहिल्याच रात्री बरोबर बोलली होती.

2. लगेच ग्रुपवर टाकू नका. तिथे प्रेमानं का होईना, पण माणसं आपल्याला आवडेल तोच अर्थ सांगतात. घरातल्या शांत माणसाला किंवा गुरूंना सांगा.

3. वरचे तीन प्रश्न स्वतःला विचारा. तिसरा सोडू नका.

4. सात दिवस त्या स्वप्नाच्या आधारानं कोणताही निर्णय घेऊ नका. जमीन, पैसा, सोयरीक, भांडण, काहीही. खरा दृष्टांत असेल तर सात दिवसांत तो शिळा होणार नाही.

5. शस्त्र दिसलं तर खंडेनवमी आठवा. आपण त्या दिवशी काय पूजतो? विळा, कुऱ्हाड, नांगर, ट्रॅक्टर. कारखान्यात मशीनला हार घालतो. शेतकऱ्याचं आणि कामगाराचं शस्त्र ते. देवीनं काही दिलं असेल तर ते कामासाठी दिलं, असा अर्थ आधी लावून पाहा.

6. आणि एक महत्त्वाचं. कोणाला जागेपणीही आवाज ऐकू येत असेल, देव हुकूम देतो असं वाटत असेल, झोप उडाली असेल, कोणाला मारायचे किंवा स्वतःला संपवायचे विचार येत असतील, तर ते स्वप्न नाही, ते दुखणं आहे. जामसावळीच्या मारुतीरायाचं दर्शन अवश्य घ्या, पण त्याच दिवशी मानसोपचाराच्या डॉक्टरांनाही दाखवा. 14416 या सरकारी फोनवर मानसिक आरोग्याचा सल्ला फुकट मिळतो. डॉक्टरकडे नेलं म्हणजे श्रद्धा कमी झाली असं होत नाही. आणि अशा वेळी घरातली धारदार वस्तू आधी दूर ठेवा.

*पुढे काय झालं*

शुक्रवारी मी धुऱ्यावर गेलो नाही. खंडेनवमीला कुऱ्हाड खाटेखालून काढली, धुतली, हळदकुंकू लावून पूजेत ठेवली. दसऱ्याला सोनं घेऊन दादाच्या घरी गेलो. दोन वर्षांनी. वहिनीनं दार उघडलं आणि काही न बोलता पाट मांडला. दादानं सोनं घेतलं. मी पायांवर डोकं ठेवलं. बराच वेळ कोणी बोलेना. मग दादा म्हणाला, "जाताना फ्यूज घेऊन जाजो."

नंतर दोघांनी मिळून सीमांकनाचा अर्ज केला. मोजणी झाली. एका टोकाला दादा माझ्यात आला होता, दुसऱ्या टोकाला मी त्याच्यात गेलो होतो. दोघंही खरे आणि दोघंही खोटे. शेवग्याची झाडं धुऱ्यावरच राहिली, शेंगा दोन्ही घरी येतात. सगळं गोड झालं असं मी म्हणणार नाही. उन्हाळ्यात विहिरीच्या पाळीवरून पुन्हा शब्दाला शब्द लागला. पण भांडण तोंडावर राहिलं, हातावर गेलं नाही.

एका संध्याकाळी विहिरीच्या काठावर बसून मी दादाला ते स्वप्न सांगितलं. कुऱ्हाडीचंही सांगितलं. तो ऐकत राहिला. मला वाटलं, आता हा उठून जाईल. तो म्हणाला, "मूठ तुह्याकडं होती म्हनतो ना? मंग पातं मायनं हातात धरलं होतं."

हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं.

घरात सगळे एकत्र असताना हा लेख एकदा वाचून दाखवा. ज्या भावाशी, बहिणीशी, सोयऱ्याशी बोलणं बंद आहे, त्याचं नाव आज रात्रीच्या प्रार्थनेत घ्या. एवढंच मागणं.

॥ श्री सद्गुरुचरणी अर्पण ॥ 🙏